जिंकल्यानंतरचा सू होक गी

जकार्तातल्या एका चौदा वर्षांच्या मुलानं ४ मार्च १९५७ या दिवशी डायरी लिहायला घेतली आणि पहिलीच नोंद केली ती भांडणाची. भूगोलाच्या चाचणीत त्याचे आठ मार्क होत होते. शिक्षकांनी तीन कापले, हातात पाच ठेवले. आजपासून मनातला राग दगडासारखा घट्ट होऊ लागलाय, अशा अर्थाचं काहीतरी लिहून तो लगेच हिशेब मांडायला बसतो: वर्गात आपला नंबर खरा कितवा, आणि तो कुणी, का घालवला. कुणीही म्हणेल, शाळकरी रुसवा आहे, दोन दिवसांत विसरेल. हा मुलगा मात्र विसरला नाही. पुढे त्याला एक वर्ष खालच्या वर्गात बसवायचं ठरलं, तेव्हा त्यानं ते साफ नाकारलं आणि शाळाच बदलली. त्याच डायरीत त्यानं लिहून ठेवलंय की ज्या शिक्षकाला टीका सोसवत नाही त्याची जागा कचऱ्याच्या टोपलीत. शिक्षक म्हणजे देव नव्हे आणि विद्यार्थी म्हणजे म्हैस नव्हे.

हा सू होक गी. इंडोनेशियात त्याला नुसतं 'गी' म्हणतात. १७ डिसेंबर १९४२ चा जन्म, १६ डिसेंबर १९६९ चा मृत्यू. सत्तावीस पूर्ण व्हायला एक दिवस बाकी होता.

नोकरीनिमित्त आम्ही काही वर्षं जकार्तात काढली. तिथली भाषा बाजारहाटापुरती शिकायची म्हणून शिकवणी लावली आणि शिकवणाऱ्या बाईंनी एक दिवस वाचनाला म्हणून गीच्या डायरीतली पानं पुढ्यात ठेवली. सोपी भाषा, छोटी वाक्यं, शिकाऊ माणसाला झेपतील अशी. झेपली खरी, पण तेव्हापासून हा मुलगा माझ्या मागे लागला तो लागलाच. त्याच्यावर मराठीत लिहावं असं फार दिवस मनात होतं. कारण त्याची गोष्ट साधारणपणे जिथे थांबवतात, तिथून पुढे ती मला सर्वांत मोलाची वाटते. विद्यार्थ्यांनी रस्त्यावर उतरून एक राजवट हलवली, इथवर सगळे सांगतात. राजवट बदलली, आपली माणसं सत्तेच्या पंगतीला बसली, त्यानंतर हा मुलगा कसा वागला, ते मला सांगायचंय.

गीचं घर चिनी वंशाचं. वडील पत्रकार आणि कादंबरीकार, त्यामुळे घरात पैसा बेताचा आणि पुस्तकं भरपूर. पाच भावंडांत हा चौथा. मोठा भाऊ सू होक जिन, जो पुढे आरिफ बुदिमान या नावानं इंडोनेशियातला नामवंत समाजशास्त्रज्ञ झाला. दोघंही वाचनवेडे, दोघंही फटकळ, आणि कितीतरी वर्षं एकमेकांशी धड न बोलणारे. कॉलेजच्या वयाच्या आधीच गीनं गांधी वाचले होते, टागोर वाचले होते, फ्रेंच लेखक आंद्रे जीद वाचला होता. चैरिल अन्वर या इंडोनेशियन कवीवरून तर त्याचा शाळेत मास्तरांशीच वाद झाला.

१० डिसेंबर १९५९ ची एक नोंद आहे. गी तेव्हा सतरा वर्षांचाही झालेला नव्हता. दुपारी रस्त्यात त्याला एक माणूस आंब्याची साल खाताना दिसला. तो भिकारी नव्हता, हे गी आवर्जून नोंदवतो. साधा माणूस, भुकेला. गीच्या खिशात अडीच रुपिया होते, तेवढेच होते. ते त्यानं देऊन टाकले. आणि मग लिहिलं की इथून दोन किलोमीटरवर आपले 'महाराज' बहुधा आपल्या सुंदर बायकांबरोबर हसत-खिदळत जेवत असतील. महाराज म्हणजे राष्ट्राध्यक्ष सुकार्णो. देशाला स्वातंत्र्य मिळवून देणारा, लाखोंच्या सभा भारून टाकणारा माणूस. त्याच वर्षी जुलैत सुकार्णोंनी घटना सभा मोडीत काढून 'मार्गदर्शित लोकशाही' आणली होती. मार्गदर्शन एकाच माणसाचं, लोकशाही नावाची.

मला या नोंदीत राग दिसतो त्याहून जास्त मोजमाप दिसतं. अडीच रुपिया, दोन किलोमीटर. भूगोलाच्या मार्कांचा हिशेब मांडणारा मुलगाच हा. अन्याय 'फार मोठा' किंवा 'भयंकर' असं म्हणून त्याचं समाधान होत नाही. तो किती, कुठे, कुणी, हे त्याला लिहायचं असतं. पुढे त्यानं इतिहास हा विषय घेतला याचं मला काहीच नवल वाटत नाही.

१९६२ साली तो इंडोनेशिया विद्यापीठाच्या साहित्य विभागात इतिहास शिकायला आला. रावामांगुनचं हे आवार त्या काळी राजकारणानं नुसतं खदखदत होतं. प्रत्येक पक्षाची, प्रत्येक धर्माची वेगळी विद्यार्थी संघटना. कुणाचं लेबल लावून घेतोस, एवढाच प्रश्न. गीचा कल समाजवाद्यांकडे होता. सुतान शाहरिर यांचा समाजवादी पक्ष १९६० मध्ये सुकार्णोंनी बंदी घालून संपवला होता आणि त्या विचाराची माणसं चोरूनमारून काम करत होती. आपल्याकडच्या जुन्या समाजवादी मंडळींना शाहरिर हे नाव परकं वाटू नये. १९४७ मध्ये डच फौजांच्या वेढ्यातून बिजू पटनायकांनी विमान नेऊन बाहेर काढलं ते हेच शाहरिर, आणि १९५३ मध्ये रंगूनला भरलेल्या आशियाई समाजवादी परिषदेत भारतातले प्रजासमाजवादी आणि इंडोनेशियातले हे समाजवादी एकत्र बसले होते. राष्ट्र सेवा दलात वाढलेल्या कुणी गीची डायरी वाचली, तर त्यातलं अर्धं जग त्याला ओळखीचं वाटेल: अभ्यासमंडळं, चर्चा, साधी राहणी, आणि कम्युनिस्ट आणि धर्मांध अशा दोन्ही बाजूंकडून खाल्लेला मार.

१९६३ मध्ये गीला सुकार्णोंना राजवाड्यात भेटायची संधी मिळाली. चिनी वंशाच्या लोकांनी इंडोनेशियन समाजात मिसळून जावं यासाठी काम करणाऱ्या एका मंडळात तो होता, त्यानिमित्तानं. राजवाड्यातली सैल थट्टामस्करी, बायकांवरचे विनोद, भोवतीची हांजी हांजी, सगळं त्यानं घरी येऊन उतरवून काढलं. आणि शेवटी प्रामाणिकपणे हेही लिहिलं की माणूस म्हणून सुकार्णो मला आवडले, नेता म्हणून नाही. ज्याच्या विरोधात आपण उभे आहोत तो माणूस गोड आहे, हे एकविसाव्या वर्षी डायरीत लिहून ठेवायला मन फार स्वच्छ असावं लागतं.

मग १९६५ आलं. ३० सप्टेंबरच्या रात्री जकार्तात सहा लष्करी जनरल आणि एक लेफ्टनंट मारले गेले. लष्करानं दोष कम्युनिस्ट पक्षावर ठेवला, मेजर जनरल सुहार्तोंनी सूत्रं हातात घेतली आणि पुढच्या काही महिन्यांत जावा, बाली, सुमात्रा या बेटांवर कम्युनिस्ट असल्याच्या संशयावरून माणसं मारली गेली. किमान पाच लाख, असं बहुतेक अभ्यासक मानतात. काहींच्या मते दहा लाख.

त्याच काळात जकार्तात महागाईनं कळस गाठला होता. वर्षभरात भाव सहाशे टक्क्यांहून जास्त चढले होते. १० जानेवारी १९६६ ला विद्यार्थी रस्त्यावर आले, तीन मागण्या घेऊन: कम्युनिस्ट पक्ष बरखास्त करा, मंत्रिमंडळ साफ करा, भाव खाली आणा. इंडोनेशियात या मागण्यांना 'त्रितुरा' म्हणतात. गी पहिल्या फळीत होता, नेता म्हणून मिरवणारा नव्हे, पण मोर्चे आखणारा, वाट ठरवणारा, घोषणा रचणारा. बसभाडं वाढलं तेव्हा सालेम्बापासून रावामांगुनपर्यंत विद्यार्थ्यांना चालत नेण्यात त्याचा पुढाकार होता. २४ फेब्रुवारीला नव्या मंत्र्यांचा शपथविधी होता. विद्यार्थ्यांनी राजवाड्याकडे जाणाऱ्या रस्त्यांवर गाड्यांच्या चाकांतली हवा सोडली आणि सगळी वाहतूक ठप्प केली. मंत्र्यांना हेलिकॉप्टरनं आणावं लागलं. त्या दिवशी आरिफ रहमान हकीम हा विद्यार्थी गोळी लागून मेला. ११ मार्चला सुकार्णोंनी सुहार्तोंना अधिकार देणाऱ्या पत्रावर सही केली. विद्यार्थी जिंकले.

या विजयाबद्दल मोकळेपणानं बोलायला हवं. विद्यार्थी जकार्तात फुलांचे हार घालून मिरवत होते, तेव्हा खेड्यापाड्यांत माणसं मारली जात होती. लष्करानं विद्यार्थ्यांना संरक्षण दिलं, कारण लष्कराला ते हवे होते. कम्युनिस्ट पक्ष बरखास्त करा ही मागणी करताना त्या पक्षाच्या साध्या सभासदांचं, शेतमजुरांचं, शिक्षिकांचं काय होतंय, याची चौकशी बहुतेकांनी केली नाही. गीसुद्धा त्या मोर्च्यांत होता आणि कम्युनिस्टांचा कट्टर विरोधक होता. ही गोष्ट वगळून त्याचं चरित्र लिहिणं म्हणजे त्याच्याच डायरीचा अपमान. त्याला अशी सूट नको असती.

पण इथूनच तो इतरांपेक्षा वेगळा होत जातो.

विजयानंतर चळवळीतल्या काही पुढाऱ्यांना संसदेत नेमून घेतलं गेलं. निवडणूक नाही, नुसती नेमणूक. कुणाला कंत्राटं, कुणाला पदं, कुणाला लष्करी अधिकाऱ्यांच्या घरी ऊठबस. गीनं काहीही घेतलं नाही. पदवी पूर्ण केली आणि त्याच विभागात इतिहास शिकवायला लागला. त्याचे दोन्ही प्रबंध कम्युनिस्ट चळवळीच्या इतिहासावर आहेत. एक १९२० च्या आधीच्या सेमारांग शहरातल्या लाल चळवळीवर, दुसरा १९४८ मध्ये मादियुन शहरात कम्युनिस्टांनी केलेल्या बंडावर. ज्यांच्या विरोधात मोर्चे काढले त्यांना समजून घेण्यासाठी कागदपत्रांत बुडून जाणारा विद्यार्थी किती विरळा असतो, ते चळवळीत राहिलेल्यांना ठाऊक आहे. दुसऱ्या प्रबंधात मादियुनचे बंडखोर राक्षस म्हणून येत नाहीत. चुकलेल्या, आपापसांत भांडणाऱ्या, स्वप्न पाहणाऱ्या माणसांसारखे येतात. आणि हे तो लिहीत होता अशा काळात, जेव्हा 'कम्युनिस्ट' हा शब्द उच्चारला तरी शेजारी दार लावून घेत.

त्याच काळात देशात एक नवा दाखला लागू लागला होता: '३० सप्टेंबरच्या कटाशी संबंध नाही' असा. नोकरीला, शिक्षणाला, कुठेही जा, दाखला दाखवा. बाप पकडला गेला म्हणून मुलगी कॉलेजबाहेर, नवरा तुरुंगात म्हणून बायकोला काम नाही. गीनं वर्तमानपत्रांत याविरुद्ध लिहिलं. बापाच्या पक्षाचं ओझं लेकराच्या पाठीवर कसं काय टाकता, हा त्याचा साधा सवाल. खटला न चालवता डांबून ठेवलेल्या हजारो राजकीय कैद्यांबद्दल तो लिहीत राहिला. हे कैदी त्याचे विरोधक होते. उद्या हेच लोक सत्तेवर आले असते तर त्यालाच आत टाकलं असतं, हे त्याला पक्कं ठाऊक होतं.

आणि बाली. १९६७ च्या डिसेंबरात एका विद्यार्थी साप्ताहिकात त्याचा एक लेख टोपणनावानं आला, बाली बेटावरच्या सामूहिक हत्यांबद्दल. बालीत त्या काही महिन्यांत ८० हजारांच्या आसपास माणसं मारली गेली, म्हणजे बेटाच्या लोकसंख्येपैकी सुमारे पाच टक्के. आपल्याकडून तिथं सहलीला जाणाऱ्यांपैकी फार थोड्यांना हे ठाऊक असतं. मीही तिथं पहिल्यांदा गेले तेव्हा भाताच्या पायऱ्यापायऱ्यांची शेतं बघून आले, दुसरं काही नाही. इंडोनेशियात तेव्हा या हत्यांबद्दल छापून येणं जवळजवळ अशक्यच होतं. गीनं लिहिलं ते कुणी मारलं, कोणत्या निमित्तानं मारलं, राजकारणाच्या नावाखाली जुनी जमिनीची आणि मानापमानाची वैरं कशी फेडली गेली, बायकांचं काय झालं. पुन्हा तेच मोजमाप, पण या वेळी मोजायला भूगोलाचे मार्क नव्हते.

ज्या राजवटीला आणण्यासाठी त्यानं रस्ते अडवले होते, तिच्या पायाखाली काय पुरलंय ते उकरून दाखवणारा हा लेख आहे. विरोधात असताना खरं बोलणं अवघड असतंच; पण तिथं निदान सोबती असतात, टाळ्या असतात. आपली बाजू जिंकल्यावर तिच्याविरुद्ध खरं बोलणाऱ्याला सोबत कोण देणार? आपल्याकडे १९७७ नंतर आणीबाणीत तुरुंग भोगलेली कितीतरी माणसं सत्तेत गेली. त्यांपैकी काहींचं पुढे काय झालं ते आपण डोळ्यांनी पाहिलंय आणि काहींनी पद नाकारून खेड्यात काम केलं तेही पाहिलंय. म्हणून मला गीची १९६६ नंतरची तीन वर्षं इतकी जवळची वाटतात.

त्याला याची किंमत मोजावी लागली. निनावी पत्रं यायची: 'चिन्या, आपली पायरी ओळख, आपल्या देशात परत जा.' त्याचा देश हाच होता, त्याला दुसरा नव्हताच. १९६६ च्या अखेरीस सरकारनं चिनी वंशाच्या नागरिकांनी इंडोनेशियन नावं घ्यावीत म्हणून दबाव वाढवला. भावानं नाव बदललं, वडिलांनीही. गी स्वतः समाजात मिसळून जाण्याचा पुरस्कर्ता होता, तरी त्यानं आपलं नाव शेवटपर्यंत तेच ठेवलं. याचं कारण त्यानं कुठे ठासून सांगितलेलं मी वाचलेलं नाही. पण नाव बदलून घेतलं की देशप्रेम सिद्ध होतं असं मानणाऱ्या सरकारला त्यानं हे एक उत्तर दिलं, असं मला वाटतं.

आई म्हणायची, "गी, हे सगळं कशासाठी? नुसते शत्रू जोडतोस, पैसा तर काही मिळत नाही." तो म्हणायचा, "आई, तुला नाही कळायचं." मराठी घरात वाढलेल्या कुणालाही हे बोलणं आपल्याच स्वयंपाकघरातलं वाटेल. लग्नाचंही तसंच झालं. मुलींच्या आईवडिलांना त्याचं लिखाण आवडायचं, त्याचं धाडस आवडायचं. पण जावई म्हणून तो नको असायचा. असल्या मुलाच्या घरी आपल्या लेकीनं कुठल्या दिवशी काय ऐकावं, या भीतीनं. भाऊ आरिफ लिहितो की रात्री उशिरापर्यंत मंद दिव्याच्या खोलीत, डासांच्या घोंघाटात, गीच्या टाइपरायटरचा आवाज येत राहायचा.

मग त्यानं डोंगर धरले. धरले म्हणजे पळून गेला असं कुणी म्हणेल, पण तसं नाही. १९६४ मध्येच विद्यापीठातल्या मित्रांबरोबर त्यानं गिर्यारोहकांची संघटना उभी केली होती, 'मापाला' नावाची, ती आजही आहे. डोंगरावर का जातो याचं त्यानं दिलेलं कारण मला सह्याद्रीत फिरताना फार वेळा आठवतं. आम्हाला घोषणांवर विश्वास नाही, असं तो म्हणतो. ज्याला आपण ओळखत नाही त्याच्यावर प्रेम करता येत नाही. देशाला ओळखायचं तर त्याच्या मातीवरून चालावं लागतं, त्याच्या लोकांच्या घरी जावं लागतं. सुकार्णोंच्या काळात आकाशाला भिडणाऱ्या घोषणा ऐकत वाढलेल्या मुलानं हे म्हणणं फार स्वाभाविक आहे. शहराबाहेर जकार्ता-बांडुंग रस्त्यावर पांगरांगो नावाचा ३,०१९ मीटरचा डोंगर आहे आणि माथ्यालगत मंडालावांगीचं पठार. तिथं एडलवाइजची पांढरी फुलं उमलतात. हे त्याचं सर्वांत आवडतं ठिकाण. त्यावर त्यानं कविताही लिहिली.

१९६९ च्या डिसेंबरात त्यानं शेवटची मोठी चढाई आखली: सेमेरू, जावा बेटातला सर्वांत उंच डोंगर, ३,६७६ मीटर. एका जुन्या जावानी ग्रंथात कथा आहे की जावा बेट समुद्रात डुलत होतं, म्हणून देवांनी जंबुद्वीपातला मेरू पर्वत उचलून तिथं नेऊन ठेवला आणि त्याचाच हा सेमेरू झाला. निघण्याआधी गीनं संसदेत गेलेल्या जुन्या मित्रांना एक भेट पाठवली: लिपस्टिक, पावडर, आरसा. सोबत चिठ्ठी. संसदेत नुसतं सजून बसायचं असेल तर हे घ्या, असा अर्थ. मला हे आजही बोचतं. ज्या मित्रांबरोबर लाठ्या खाल्ल्या त्यांना असं काही पाठवायला मन कठोर करावं लागत असेल, आणि त्याहून आधी ते मन दुखावलेलं असावं लागतं.

१६ डिसेंबरला दुपारी ते माथ्यावर पोहोचले. सेमेरूचं विवर जिवंत आहे. त्यातून विषारी वायू येत असतो आणि तो हवेपेक्षा जड असल्यामुळे खोलगट जागी साचतो. गी आणि त्याच्याबरोबरचा तरुण मित्र इधान लुबिस बसले होते, तिथंच त्यांना त्या वायूनं गाठलं. दोघंही वाचले नाहीत. मित्रांना मदत मागायला खाली उतरावं लागलं आणि मृतदेह खाली आणायला कितीतरी दिवस गेले.

त्याच्या शेवटच्या काळातलं भावाशी झालेलं बोलणं आरिफनं लिहून ठेवलंय. गी म्हणाला होता, हे सगळं कशासाठी करतोय हेच हल्ली कळेनासं झालंय. मी लिहितो, चुकीचं दिसलं की टीका करतो, आणि शत्रू वाढत जातात, मित्र कमी होत जातात. आणि माझ्या टीकेनं काही बदलतही नाही. मग मी काय करतोय? मला एकटं वाटतं.

या निराशेनं मला फार अस्वस्थ केलंय. आपण चळवळीतल्या माणसांना मेल्यावर मोठं करतो; पण जिवंतपणी 'तुमचं लिहिलेलं वाचलं, बरं वाटलं' एवढी ओळ पाठवायला आपल्याला वेळ नसतो. गीला वाचणारे होते. हजारो होते. ते त्याला दिसत नव्हते, कारण ते त्याच्या ओळखीचे नव्हते.

आरिफ मृतदेह आणायला पूर्व जावात गेला. मालांग शहरात शवपेटी बनवून घ्यायची होती. सुतारानं विचारलं, कुणासाठी? नाव सांगितलं. सुतार म्हणाला, तोच का, जो पेपरात लिहितो? हो म्हटल्यावर तो रडायला लागला. का रडतोस, हे आरिफनं विचारलं, पण त्याला नीट काही सांगता येईना. पुढे हवाई दलाच्या विमानानं शव जकार्ताला आणताना वैमानिकानं सुद्धा विचारलं आणि सांगितलं की मी त्याचे लेख वाचायचो, त्याचं मरण फार वाईट झालं. तेव्हा आरिफनं पेटीशेजारी हलकेच म्हटलं, "गी, तू एकटा नाहीयेस." ही गोष्ट मी मराठीत कितीतरी जणांना सांगितली आहे आणि सांगताना दर वेळी गळा भरून आलाय. सुतार आणि वैमानिक. दोघांना त्याच्याकडून काहीच मिळायचं नव्हतं.

आधी मेंतेंग पुलोला आणि लगेचच तनाह अबांगच्या जुन्या दफनभूमीत त्याला पुरलं. १९७५ मध्ये जकार्ताचे गव्हर्नर अली सादिकीन यांनी त्या दफनभूमीचं संग्रहालय करायचं ठरवलं, तेव्हा घरच्यांनी अस्थी काढून दहन केलं आणि राख मंडालावांगीच्या पठारावर उधळली. त्याचा दगड मात्र संग्रहालयात अजून आहे. मी तो पाहिलाय. डच काळातल्या मोठमोठ्या संगमरवरी थडग्यांच्या गर्दीत त्याचा छोटा, वर एक देवदूताची मूर्ती, खाली नाव, तारखा, आणि अमेरिकेतल्या गुलामांच्या एका गाण्यातली ओळ: माझी दुःखं कुणाला ठाऊक नाहीत. कुणी तरी रोजच्यासारखं येऊन चाफ्याची फुलं ठेवून गेलं होतं.

डायरी १९८३ मध्ये पुस्तकरूपात आली, सुहार्तोंची सत्ता भरात असताना. पुढे २००५ मध्ये त्याच्यावर चित्रपट आला आणि मग गी देखणा झाला. कॉलेजच्या मुलांच्या टी-शर्टवर त्याची वाक्यं छापलेली दिसतात, गिर्यारोहणाच्या दुकानांत त्याचे फोटो. ढोंगापुढे मान तुकवण्यापेक्षा वाळीत पडलेलं बरं, हे त्याचं वाक्य तर सगळीकडे. वाक्य चांगलंच आहे. पण मला धास्ती वाटते की डोंगर, फुलं, अविवाहित तरुण मरण एवढंच त्याच्यातून शिल्लक राहील आणि दाखला, तुरुंग, बाली हे सगळं गळून जाईल.

त्याच डायरीत २९ मे १९६९ ची एक नोंद आहे, ती अलीकडे इंडोनेशियात पुन्हा पुन्हा वाचली जाते. गी एका सतरा वर्षांच्या मुलाबद्दल लिहितो. मुलगा हुशार आहे, प्रश्न चटकन ओळखतो, पण भोळा आहे. दोन-तीन वर्षं खऱ्या जगात राहिला तर कदाचित बदलेल. त्या मुलाचं नाव प्राबोवो. त्याचे वडील सुमित्रो समाजवादी पक्षातले अर्थतज्ज्ञ. सुकार्णोंविरुद्धच्या त्यांच्या भूमिगत गटाशी विद्यार्थी गीचा संबंध होता. प्राबोवो पुढे लष्करात गेले, सुहार्तोंचे जावई झाले, जनरल झाले. १९९८ मध्ये विद्यार्थ्यांनी पुन्हा संसदेचा ताबा घेतला आणि सुहार्तोंना पायउतार व्हावं लागलं. त्या सुमारास प्राबोवोंच्या विशेष दलातल्या माणसांनी चळवळीतल्या कार्यकर्त्यांची अपहरणं केली, त्यांपैकी काही अजूनही सापडलेले नाहीत. या प्रकरणात प्राबोवोंना लष्करातून दूर करण्यात आलं. २०२४ मध्ये ते राष्ट्राध्यक्ष झाले. त्याआधीच्या राष्ट्राध्यक्षांनी, जोको विडोडो यांनी, ११ जानेवारी २०२३ ला १९६५-६६ च्या हत्यांसह बारा प्रकरणांत मानवी हक्क पायदळी तुडवले गेल्याचं सरकारच्या वतीनं मान्य करून खेद व्यक्त केला होता. १९६५-६६ च्या हत्यांबद्दल खटला मात्र कुणावरही चालला नाही. आणि १० नोव्हेंबर २०२५ ला प्राबोवोंनी सुहार्तोंना 'राष्ट्रीय वीर' म्हणून जाहीर केलं.

गीनं बालीवर लिहिलं होतं १९६७ साली, हे लक्षात घेतलं की सरकारला मान्य करायला किती काळ लागला ते कळतं. म्हणून आता कुणी तरुण इंडोनेशियन मित्र भेटला आणि त्याच्या अंगावर गीचं वाक्य दिसलं, की मी त्याला विचारते, बालीवरचा लेख वाचलास का? बहुतेकांनी वाचलेला नसतो. त्याच्या लेखांच्या संग्रहात तो छापलेला आहे, माझ्याकडे त्याची प्रत आहे. ज्याला हवी त्याला मी पाठवते.